मुकुट फुकट, टीव्ही विकत

इंदूरला सध्या सौंदर्यस्पर्धांचं पेव फुटलंय. पोरींनी हौस जरूर करावी, पण माझ्या भाचीबरोबर जे झालं ते आईबापांनी आधी वाचावं.

स्पर्धेत काही खोट नव्हती. फी मामुली, मुकुट मिळाला, सॅश मिळाला. पैसे काढायला सुरुवात झाली ती नंतर. ‘विजेत्या मुली टीव्हीच्या दिवाळी स्पेशलमध्ये’ असा आयोजकांचा फोन आला. मोठ्या मनोरंजन वाहिनीचं नाव फक्त तोंडी. कोऑर्डिनेशन, मेकअप, एडिटिंग, गाऊनचं डिपॉझिट असं करत साठ हजार. बहीण कुरकुरली तर म्हणे, "दीदी, १९९४ में सुष्मिता-ऐश्वर्या भी ऐसे ही निकली थीं." त्या दोघी मिस इंडियाच्या मंचावरून गेल्या, कुणाला एडिटिंगचे पैसे देऊन नव्हे. पण १९९४ची पुण्याई अजून विकली जाते!

शूटिंग विजयनगरच्या एका बँक्वेट हॉलमध्ये. मागे हिरवा पडदा, समोर टाळ्या वाजवायला मुलींच्याच मावश्या-काकवा, मीही त्यातलीच. अँकर सगळ्यांना तेच प्रश्न विचारी आणि उत्तर पुरं व्हायच्या आत "क्या बात है!" करून पुढचीला बोलावी. भाचीने महिनाभर बसवलेली लावणी मुखड्यावरच थांबवली. गाऊन परत दिला तर चेन तुटलीय म्हणून डिपॉझिट गडप.

दिवाळीत कार्यक्रम लागला तो लोकल केबलवर, रात्री दीड वाजता. असा स्लॉट पैसे भरून विकत घेता येतो. सही घेतलेल्या इंग्रजी फॉर्मवर ना वाहिनीचं नाव, ना वेळ. ‘प्रसारण आयोजकांच्या सोयीने’ एवढंच. म्हणजे ‘टीव्हीवर आणलं की नाही?’ म्हणायला ते मोकळे. फसवणुकीची खरी गोम हीच.

पावतीवरचा जीएसटी नंबर २७ने सुरू होणारा, म्हणजे महाराष्ट्राचा. आपल्या मध्य प्रदेशाचा २३ असतो. पोर्टलवर टाकून पाहिला तर भलत्याच फर्मचं नाव. यूपीआयचे पैसेही कुणाच्या तरी खाजगी खात्यात गेलेले.

१९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार नोंदवलीय, पोलीस ठाण्यातही भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१८खाली, म्हणजे फसवणुकीचा, अर्ज दिलाय. तिथले साहेब म्हणाले, एकटीचा अर्ज देण्याघेण्याचा वाद वाटतो, चारपाच जणींचे आले तर वजन पडेल. त्या रात्री हॉलमध्ये बसलेल्या आयांनो, पावत्या, फॉर्म आणि यूपीआयचे स्क्रीनशॉट जपून ठेवा आणि मला कळवा. अर्ज एकत्रच देऊ.