देव अनुमानाने कळतो की शास्त्राने?

दादरच्या कट्ट्यावर हा वाद निघाला की मी उदयनाचार्य आणि रामानुजाचार्यांना समोरासमोर बसवतो. दोघेही ईश्वर मानणारे, गंमत तिथेच आहे. नैयायिक, म्हणजे तर्कावर भर देणाऱ्या न्यायदर्शनाचे, उदयन ‘न्यायकुसुमांजली’त म्हणतात, पृथ्वी हे घटासारखं कार्य, म्हणजे घडवलेली गोष्ट, तेव्हा तिला कर्ता हवाच. वेदान्ती रामानुज ‘श्रीभाष्य’ या ब्रह्मसूत्रांवरच्या भाष्यात हे अनुमानच उसवतात. मोठी कामं अनेकजण मिळून करतात, मग कर्ता एकच कशावरून? (परळचा टॉवर काय एकट्याने बांधला?) शिवाय आपण पाहिलेला प्रत्येक कर्ता देहधारी, मग ईश्वरालाही देह मानावा लागेल. म्हणून रामानुजांच्या मते ईश्वर शास्त्रातूनच, म्हणजे वेदांतूनच, कळतो. एकाच कर्त्यासाठी नैयायिक लाघवाचा (एकाने भागत असेल तर अनेक का मानायचे, या तत्त्वाचा) आधार घेतात, तो मला लंगडा वाटतो. पण वेदच न मानणाऱ्याला रामानुजांचं उत्तर काय कामाचं? तिथे उदयन बरे, नास्तिकाशी बोलणं तरी चालू राहतं.