चौल-रेवदंडा सहल: पाच फेऱ्या आणि एक स्पंज

सहलवाल्यांनी माझे पन्नास रुपये कापले म्हणून लिहायला बसलोय, हे आधीच सांगून टाकतो. मागाहून कोणी म्हणायला नको, की काका, एवढ्याशा पैशासाठी? हो, एवढ्याशाच पैशासाठी. पण ऑक्टोबर ते मार्च पाच वेळा जाऊन आलोय, तेव्हा पन्नास रुपयांपलीकडचंही थोडंफार कळलंय.

सहल कुठून निघते, काय काय दाखवतात ते जाहिरातीत आहे, परत लिहीत नाही. एकाचे १,२०० पडतात. मी सहा कुपनांचं पुस्तक ५,४०० ला घेतलं, म्हणजे नऊशेला एक फेरी. अलिबागेत घर असलं की नातेवाइकांना समुद्र आपल्या परसात आहे असं वाटतं. दर महिन्याला कोणीतरी येतं, त्यांना कोट दाखवा, रिक्षा करा, शहाळं पाजा. त्यापेक्षा हे स्वस्त. पाहुण्यांनी आपापलं तिकीट काढायचं, कुपन माझ्यापुरतं. हा नियम हिला मान्य नाही, पण कुपनं माझ्या पाकिटात असतात.

आता मुद्दा. चौलात बघायला काय आहे? खरं सांगू का, फारसं नाही. नारळी-पोफळीच्या वाड्या आहेत, रामेश्वराचं देऊळ आहे, हमामखाना म्हणून एक पडकी वास्तू आहे, रेवदंड्याला कोट आहे आणि त्याच्या आत पुन्हा वाड्याच. रस्ता कोटातूनच जातो, एसटीत बसलेल्या माणसाला आपण किल्ल्यात शिरलो हेही कळत नाही. ग्रीक भूगोलकार टॉलेमीने ज्याला सिमुल्ला म्हटलं आणि अरबांनी सैमूर, ते बंदर हेच, असं सांगून कोणाला पटेल? कुंडलिकेच्या मुखाशी गाळ साचत गेला, व्यापार सुरतेला आणि मुंबईला गेला, आणि मागे उरलं ते गाव. तेव्हा ही सहल डोळ्यांनी करायची नाहीच, ती कानांनी करायची. म्हणून मी पुढे कानातल्या यंत्राबद्दल एवढं लिहिणार आहे. कंटाळा आला तर जेवणाचं एका ओळीत सांगतो: थाळी बरी, सोलकढी चांगली, सुरमईचे पैसे वेगळे.

ऑक्टोबरात यंत्र नव्हतं. गाईडच्या कमरेला भोंगा होता, मेथी-कोथिंबिरीच्या हातगाडीवर असतो तसला. गाईड मुलगा तिशीच्या आतला, नाव लिहीत नाही, त्याची नोकरी आहे. सांगतो छान, पण भोंग्यातून सगळं 'भंगार, पेपर, रद्दी'च्या सुरात येतं. रेवदंड्याच्या सातखणी मनोऱ्याखाली उभं राहून तो फ्रान्सिस्कन मठाबद्दल सांगत होता. (नावाप्रमाणे सात खण आज मोजून भरत नाहीत, मी दोनदा मोजलेत.) तेवढ्यात शेजारच्या वाडीतून एक बाई आल्या आणि म्हणाल्या, घरात आजारी माणूस आहे, जरा हळू. मुलगा ओशाळला. त्याने भोंगा बंद केला, मग मागच्या दहा जणांना काहीच ऐकू येईना. त्या दिवशी मला कोणी विचारलं असतं तर नऊशे पाण्यात गेले असंच सांगितलं असतं. पाच कुपनं शिल्लक होती म्हणून गप्प बसलो.

डिसेंबरात विहीणबाई आल्या. या वेळी प्रत्येकाच्या गळ्यात छोटी डबी, एका कानात बोंड, बोंडावर काळ्या स्पंजची टोपी. गाईडच्या गालाशी माईक. डबीसाठी माणशी ५०० डिपॉझिट, संध्याकाळी परत. डिपॉझिट म्हटल्यावर माझ्या कपाळाला आठी पडलीच, पण यंत्र सुरू झालं आणि मत बदललं. मुलगा तीस-चाळीस पावलं पुढे चालत होता आणि माझ्या कानात शेजारी बसून बोलावं तसं बोलत होता. ओरडायचं नसलं की माणूस किती वेगळं सांगतो! रेवदंड्याच्या किनाऱ्यावर त्याने १५०८ ची लढाई सांगितली. कालिकत नव्हे, गोवा नव्हे, इथे, याच पाण्यात इजिप्तच्या ममलुक सुलतानाचं आरमार आलं होतं, सोबतीला दीवचा सुभेदार मलिक अयाज. पोर्तुगीजांचा सेनापती लोरेन्सो द आल्मेदा, व्हाइसरॉयचा मुलगा. मांडीला गोळा लागला तरी डोलकाठीपाशी बसून हुकूम देत राहिला असं सांगतात. इथेच मेला. पुढच्या वर्षी बापाने दीवला जाऊन उट्टं काढलं. विहीणबाई समुद्राकडे बघत राहिल्या. अर्ध्या मिनिटाने म्हणाल्या, "इजिप्त? ते पिरॅमिडवालं?"

त्यांचाच पुढचा प्रश्न होता, महाराजांचं काय? मुलाने टाळलं नाही. १६८३ मध्ये संभाजी महाराजांच्या फौजेने पोर्तुगीजांच्या ताब्यातल्या चौलला वेढा घातला, पण ठाणं पडलं नाही. ते आलं थेट पेशवाईत, वसईनंतर. खाडीपलीकडचा कोर्लईचा किल्ला १७३९ ला, चौल-रेवदंडा १७४० ला. त्याआधी १५७०-७१ मध्ये अहमदनगरच्या मुर्तझा निजामशहाला कित्येक महिने वेढा घालूनही हात हलवत परत जावं लागलं होतं. हे त्याने कागद न बघता सांगितलं, नोंद घ्या. येताना नागावला एका ओळखीच्यांकडे पोपटी (मडक्यात भाजलेल्या शेंगा) लावली होती, तिथे आम्ही दोघं उतरलो. त्याचा या परीक्षणाशी संबंध नाही, पण वालाच्या शेंगा इतक्या गोड बऱ्याच वर्षांत खाल्ल्या नव्हत्या.

जानेवारीत साळावचा पूल ओलांडून कोर्लईला गेलो आणि गाडीचा क्लच गेला. खरं तर इथे मी एक तारा कमी करायला हवा, पण करणार नाही. कारण ऐका. कोर्लईच्या ख्रिस्ती वस्तीत पोर्तुगीजमधून निघालेली एक बोली अजून बोलतात. बोलणारे हजाराच्या आत. ते तिला नोलिंग म्हणतात, म्हणजे आपली भाषा. १७४० नंतर पोर्तुगीज गेले, ही माणसं राहिली, भोवती सगळी मराठी. मग शब्द तिकडचे आणि बांधणी हळूहळू इकडची होत गेली, क्रियापद वाक्याच्या शेवटी, आपल्यासारखं. सहलीत याचा एक 'कार्यक्रम' आहे. एका ओटीवर आजी बसतात, चार वाक्यं बोलून दाखवतात, लोक फोन काढतात. मला हा प्रकार पहिल्यापासून आवडलेला नाही. म्हाताऱ्या बाईला काय पोपटासारखं बोलायला लावायचं? डिसेंबरात मी गाईडला तसं म्हणालोही. तो म्हणाला, "काका, आजींना विचारा, त्यांना मजा येते." मी विचारलं नाही.

क्लच गेल्यावर मात्र दीड तास बसून राहावं लागलं. कार्यक्रम संपलेला, फोन खिशात. समोरच्या घरी मासळीवाल्या बाईशी घासाघीस चालली होती. ती मराठीत, आणि घरातल्या दोघी आपसांत त्यांच्या भाषेत. एकही शब्द कळत नव्हता, पण भाव कमी कर असंच त्या म्हणतायत हे सुरावरून शंभर टक्के कळत होतं. तो सूर आपला आहे हो. माझी आई अशीच बोलायची बोंबलांवरून. मग आजींनीच आम्हाला आत बोलावून पाणी दिलं, अस्खलित मराठीत, आणि गाडी कुठल्या गॅरेजची ते विचारून नाक मुरडलं. कार्यक्रमाबद्दल मी त्यांना आता विचारलं. म्हणाल्या, "कटाळा आला की सांगते, आज नाय म्हणून." तेव्हा माझा तो आक्षेप मागे घेतो, अर्धा.

फेब्रुवारीत मेहुणा होता. त्या फेरीत सिनेगॉग बंद मिळालं. पाचपैकी तीनदा उघडं, दोनदा बंद, असा माझा हिशोब. रेवदंड्याचं हे छोटं सिनेगॉग बेने इस्रायलींचं, म्हणजे कोकणातल्या ज्यूंचं. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून शनवार तेली, गावावरून आडनावं, किहीमकर, पेणकर, नवगावकर. बहुतेक घरं आता इस्रायलला. इथे एक तक्रार नोंदवतो: ज्या नवगावच्या किनाऱ्यावर त्यांचे पूर्वज गलबत फुटून लागले, सात बायका आणि सात पुरुष वाचले अशी त्यांची कथा आहे, जिथे बुडालेल्यांची थडगी दाखवतात, ते नवगाव अलिबागजवळच. सहल तिकडे वळत नाही. शनवार तेली म्हणजे काय हे सांगायला बंद दारासमोर पंधरा मिनिटं उन्हात उभं करण्यापेक्षा ते करा. मेहुण्याला मात्र सगळ्यात काय आवडलं, तर आक्षीचा शिलालेख. सहलीत तो नाहीच, गाईडने वाटेत आपणहून सांगितला. शके ९३४, शिलाहार राजा केसिदेव, जुन्या मराठीत. मेहुणा मराठीचा मास्तर, त्याला गहिवरून आलं.

आणि मार्च. मार्चमध्ये सुरुवातीपासूनच काहीतरी खरखरत होतं. रेवदंड्यात कारण कळलं. त्यांची दुसरी गाडीही त्याच दिवशी निघाली होती, हिंदीवाली, आणि दोन्ही गाईडांचे माईक एकाच चॅनलवर. शाळेच्या आवारात निकितिनच्या स्मारकापुढे आम्ही उभे, १४६९ च्या सुमारास इथे उतरलेला रशियन व्यापारी, आमचा मुलगा सांगतोय की त्याने बरोबर आणलेला घोडा जुन्नरला तिथल्या खानाने अडकवला, धर्म बदल म्हणून दडपण आणलं, आणि मग घोडा कसाबसा सुटला. तेवढ्यात कानात दुसरा गाईड कोटाच्या तटावरून सांगतोय, की रशियन आदमी ने घोडा यहीं चौल में बेच दिया. दोन घोडे धावतायत एका कानात. मी घरी येऊन तपासलं. आमचा मुलगा बरोबर. घोडा पुढे बीदरला विकला गेला. हिंदीवाल्या गाडीतले वीस जण मात्र चुकीचा घोडा घेऊन घरी गेले.

संध्याकाळी डबी परत केली तर पोरगी म्हणाली, "सर, स्पंज नाहीये, पन्नास कट होतील." स्पंज सकाळीच नव्हता. मला आठवतंय, कारण बोंड कानात टोचत होतं आणि मी रुमालाचं टोक लावलं होतं. ते सांगितलं. "सर, घेताना चेक करायचं असतं." बरं, घेताना चेक करायचा कागद कुठे आहे? कागद नाही. सही कुठे आहे? सही नाही. मग माझ्याकडे स्पंज होता हे कशावरून? "सिस्टीममध्ये आहे." सिस्टीममध्ये एकेका स्पंजची नोंद ठेवणाऱ्या माणसांना दोन माईकांचे चॅनल वेगळे ठेवता येत नाहीत, हे मी तिथे म्हणालो. जरा मोठ्याने म्हणालो. हिने माझी बाही ओढली.

व्हॉट्सअ‍ॅपवर तीन मेसेज केले. उत्तर आलं की माझा अभिप्राय त्यांच्यासाठी मोलाचा आहे. किती मोलाचा, ते विचारलं. उत्तर नाही. मग मी बाजारातून दहा स्पंजचं पाकीट आणलं, साठ रुपयांना, म्हणजे सहा रुपयाला एक, आणि ऑफिसात जाऊन एक टेबलावर ठेवला. हा घ्या तुमचा स्पंज, माझे पन्नास द्या. साहेबांनी स्पंजकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि पुढच्या सहलीवर दहा टक्के सूट देऊ केली. अहो, माझ्याकडे कुपन आहे. कुपनावर सूट कशी घेऊ?

(हे लिहून दोन दिवस झाले. पन्नास रुपये आले नाहीत, पण साहेबांचा फोन आला. चॅनल वेगळे केलेत म्हणाले, आणि यापुढे डबी देताना कागदावर लिहून घेणार. स्पंजबद्दल 'मॅनेजमेंटशी बोलतो'. मॅनेजमेंट म्हणजे बहुधा त्यांचा भाऊच असावा. तरीही भोंग्याच्या दिवसांपेक्षा हे बरंच पुढे आलेत, हे मान्य करायला हवं.)

कोणी जाणार असेल तर थंडीतच जा. सिनेगॉग उघडं आहे का ते आदल्या दिवशी विचारून घ्या. डबी हातात आली की स्पंज बघा आणि फोटो काढून ठेवा. गाईड तोच मुलगा मागा.

माझं सहावं कुपन ३१ मे ला संपतंय. मेच्या उन्हात कोर्लई चढायची माझी इच्छा नाही, पण नऊशे रुपये सोडायचीही नाही. परवा बाजारात तो मुलगा भेटला. पांढऱ्या कांद्याची माळ घेत होता. त्याला प्रकरण माहीत होतं. हसला, आणि जरा इकडेतिकडे बघून म्हणाला, "काका, ते उरलेले स्पंज आहेत ना तुमच्याकडे? चार द्या की. आता पुणेकरांचा ग्रुप आहे, त्यातल्या चार डब्यांना नाहीयेत."