‘थांबवा’ हे बटण दाबले आणि सात महिन्यांची वर्गणी गेली

डोळ्यांच्या शस्त्रक्रियेनंतर काही आठवडे वाचन वर्ज्य होते, म्हणून मी एका ऑडिओबुक सेवेची ३० दिवसांची फ्री ट्रायल घेतली. त्या सेवेने पुढे माझ्याकडून सात महिन्यांची वर्गणी वसूल केली आणि त्या बदल्यात मला एकही पुस्तक मिळाले नाही. हा प्रकार तपशिलाने लिहिण्याचे कारण असे, की यात माझे कार्ड कोणी चोरले नव्हते की ओटीपी विचारला नव्हता; प्रत्येक टप्प्यावर बटण मीच दाबले होते.

ट्रायल मोफत असली तरी नोंदणी करतानाच कार्डाचा तपशील मागण्यात आला. मोफत गोष्टीसाठी कार्ड कशाला, असा प्रश्न मनात आला होता, परंतु खाली ‘पडताळणीसाठी’ असे लिहिले होते आणि तेवढ्यावर मी समाधान मानले. त्या एका नोंदीने मी ३१व्या दिवसापासून दरमहा पैसे कापून घेण्याची आगाऊ परवानगी दिली होती. यापुढे माझ्या गप्प बसण्याचा अर्थ होकार असाच धरला जाणार होता.

एवढे मला ठाऊक होते, म्हणून मी २८व्या दिवसाचे स्मरणपत्र फोनमध्ये लावून ठेवले होते आणि त्या दिवशी आठवणीने खाते उघडले. पडद्यावर मोठ्या रंगीत बटणावर ‘वर्गणी थांबवा’ असे लिहिले होते आणि त्याच्या खाली, पार्श्वभूमीत जवळजवळ मिसळून जाणाऱ्या राखाडी अक्षरांत, ‘इतर पर्याय’ अशी ओळ होती. मी अर्थातच मोठे बटण दाबले. ‘आपली वर्गणी थांबवण्यात आली आहे’ असा संदेश आला, सोबत रडवेल्या चेहऱ्याचे एक चित्रही आले आणि मी निर्धास्तपणे ॲप काढून टाकले.

मराठीत आपण दूधवाल्याला ‘उद्यापासून दूध थांबवा’ म्हणतो तेव्हा तो आपण पुन्हा सांगेपर्यंत येत नाही. या सेवेच्या भाषेत मात्र थांबवणे म्हणजे तीन महिन्यांची विश्रांती होती, आणि ती संपताच वर्गणी आपोआप सुरू होणार होती; रद्द करण्याची खरी सोय त्या ‘इतर पर्याय’ नावाच्या ओळीमागे होती. ॲप काढल्यानेही काही साधले नव्हते. वर्गणीची नोंद कंपनीच्या सर्व्हरवरील खात्यात असते, ॲप हे त्या खात्यात शिरण्याचे केवळ एक दार आहे. दार मी बंद केले आणि त्यामुळे आत काय चालले आहे हे दिसण्याचा मार्गही माझा मीच बंद केला.

वर्गणी पुन्हा सुरू झाल्याची सूचना मला ईमेलने आली होती, हे नंतर शोधल्यावर समजले. तिचा विषय होता ‘आपले आवडते आवाज परतले आहेत!’ आणि ती जाहिरातींच्या ढिगात पडून होती. कार्डाच्या विवरणातही सेवेचे नाव दिसत नव्हते, पैसे स्वीकारणाऱ्या मध्यस्थ कंपनीचे कुणालाही काही बोध होणार नाही असे संक्षिप्त नाव होते. रक्कम इतकी लहान होती, की सात महिने माझी नजर तिच्यावरून सरकून जात राहिली.

खरे नुकसान मात्र यानंतर झाले. या प्रकारच्या अनेक सेवांत दरमहा वर्गणी भरली की एक क्रेडिट जमा होते आणि एका क्रेडिटच्या मोबदल्यात एक पुस्तक घेता येते. माझ्या खात्यात अशी सात क्रेडिटे न वापरता पडून होती, म्हणजे किमान सात पुस्तके पदरात पडण्यासारखी होती. मी मदतकक्षाशी चॅटवर बोलले तेव्हा उत्तर मिळाले, ‘आपण आधी सदस्यत्व रद्द करा, मग परताव्याचे पाहू.’ मी तसे केले. पुढच्याच क्षणी क्रेडिटांचा आकडा शून्य झाला, कारण सदस्यत्व संपताच शिल्लक क्रेडिटे बाद होतात, असे अटींमध्ये नमूद होते. परतावा फक्त शेवटच्या महिन्याचा मिळाला.

म्हणून क्रम महत्त्वाचा आहे: आधी क्रेडिटे खर्च करावीत आणि मगच रद्द करण्याकडे वळावे. क्रेडिट देऊन घेतलेली पुस्तके साधारणपणे खात्यात राहतात, पण ‘सदस्यांसाठी समाविष्ट’ अशी खूण असलेली पुस्तके सदस्यत्वाबरोबर बंद होतात. आपल्या यादीत ही दोन्ही शेजारी शेजारी आणि सारखीच दिसतात. (विकत घेतलेले कायमचे आपले, असेही समजू नये. मायक्रोसॉफ्टने २०१९ मध्ये आपले ई-पुस्तकांचे दुकान बंद केले तेव्हा ग्राहकांचे पैसे परत दिले, परंतु विकत घेतलेली पुस्तकेही उघडेनाशी झाली.) वर्गणी फोनच्या ॲप स्टोअरमधून घेतली असेल, तर ती बहुधा तिथूनच रद्द करावी लागते. रद्द झाल्याचा ईमेल आला, आणि त्यात सदस्यत्व संपण्याची तारीख दिसली, तरच ती रद्द झाली असे धरावे.

बटणांच्या अशा मांडणीला ब्रिटिश डिझायनर हॅरी ब्रिग्नल यांनी २०१० मध्ये ‘डार्क पॅटर्न’ हे नाव दिले. ॲमेझॉनवर प्राइम सदस्यत्वाबाबत अमेरिकेत जो खटला झाला, त्यातील सरकारी तक्रारीनुसार रद्द करण्याच्या लांबलचक प्रक्रियेला कंपनीत होमरच्या प्रदीर्घ युद्धावरील महाकाव्यावरून ‘इलियड’ म्हटले जात असे. सप्टेंबर २०२५ मध्ये कंपनीने ते प्रकरण अडीच अब्ज डॉलरवर मिटवले. माझा व्यवहार त्या कंपनीशी नव्हता, पण ते वाचून आपण एकट्याच वेंधळ्या नाही, एवढा दिलासा मिळाला.

उरलेल्या सहा महिन्यांसाठी मी बँकेकडे तक्रार केली. कंपनीने उत्तरादाखल माझ्या संमतीचा पुरावा सादर केला: २८व्या दिवशी मी ‘वर्गणी थांबवा’ हे बटण दाबल्याची तारीख, वेळ आणि आयपी पत्ता. सदस्याने रद्द करण्याचा पर्याय उपलब्ध असूनही तो निवडला नाही, असे त्याखाली लिहिले होते. बँकेने तो पुरावा ग्राह्य धरला.