डाव्यांच्या फुटीवरील चर्चा: विषय मोलाचा, मांडणी घाईची

देशातील डाव्या विरोधी पक्षांमधील मतभेदांवर एका मराठी वृत्तवाहिनीने अलीकडेच तासाभराची चर्चा घडवून आणली. रात्रीच्या मुख्य वेळेत हा विषय घेतल्याबद्दल वाहिनीचे अभिनंदन करायला हवे. मात्र विषयाला न्याय मिळाला, असे म्हणवत नाही.

सुरुवात चांगली झाली. 2004 च्या लोकसभेत मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्षाचे 43 आणि भारतीय कम्युनिस्ट पक्षाचे 10 खासदार होते, ते 2024 मध्ये अनुक्रमे 4 आणि 2 वर आले, हे पडद्यावर नेमकेपणाने दाखवण्यात आले. त्यानंतर मात्र सूत्रसंचालकांनी भारतीय कम्युनिस्ट पक्षातून मार्क्सवादी पक्ष वेगळा झाला ती 1964 ची फूट ‘नेत्यांचा अहंकार’ एवढ्या दोन शब्दांत निकालात काढली. 1962 चे चीन युद्ध आणि मॉस्को-पेकिंग (सोव्हिएत संघ आणि चीन यांच्यातील) वाद ही कारणे तर होतीच. पण खरा प्रश्न काँग्रेसशी सहकार्य करायचे की संघर्ष, हा होता आणि तो आजही सुटलेला नाही. आणीबाणीला भारतीय कम्युनिस्ट पक्षाने पाठिंबा दिला, मार्क्सवादी पक्षाने विरोध केला. 2024 मध्ये इंडिया आघाडीत एकत्र असूनही वायनाडमध्ये राहुल गांधींविरुद्ध भारतीय कम्युनिस्ट पक्षाच्या ॲनी राजा उभ्या होत्या. चर्चेतील एक निवृत्त प्राध्यापक हाच धागा शांतपणे उलगडत 1975 पर्यंत आले आणि तेवढ्यात जाहिराती सुरू झाल्या. परतल्यावर त्यांची चौकट पडद्यावर होती, पण प्रश्न दुसऱ्यालाच गेला. कार्यक्रमाचे सर्वांत मोठे नुकसान तेथे झाले.

नागपूरच्या प्रेक्षकाला आणखी एक उणीव जाणवते. ए. बी. बर्धन 1957 मध्ये याच शहरातून अपक्ष म्हणून तत्कालीन मुंबई राज्याच्या विधानसभेवर निवडून गेले, फुटीनंतर मूळ पक्षातच राहिले आणि 1996 ते 2012 या काळात त्याचे सरचिटणीस होते. त्यांचा साधा उल्लेखही झाला नाही. 1970 मध्ये सिटू या मार्क्सवादी पक्षाशी संलग्न कामगार संघटनेची वेगळी स्थापना झाल्यावर एकाच कारखान्याच्या फाटकावर दोन लाल झेंडे लागू लागले, कामगाराला त्याची काय किंमत मोजावी लागली, हे विचारणारे त्या चौघा पाहुण्यांत कोणीच नव्हते, सगळे मुंबई-दिल्लीचे.

ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. पहिला अर्धा तास अवश्य पाहावा. पुढचा भाग करायचा झाल्यास दोनच पाहुणे बोलवावेत आणि त्यातील एक कामगार संघटनेत प्रत्यक्ष काम केलेला असावा.