भेटीची बरणी: ब्राउनी, ओट्स कुकी की नानकटाई?

साताऱ्याच्या माझ्या आत्याकडे शोकेसमध्ये ब्राउनीच्या कोरड्या सामानाची एक काचेची बरणी वर्षभर उभी होती. खाली मैदा, त्यावर कोको, मग तपकिरी साखर, वर चॉकलेट चिप्स आणि अक्रोड. मीच दिली होती, दिवाळीत. पुढच्या दिवाळीला गेले तेव्हा मैद्यात टोके फिरत होते. "अगं, इतकी सुरेख दिसतेय, मोडवेचना," आत्या म्हणाली. खरं कारण मला चहा टाकायला स्वयंपाकघरात गेल्यावर कळलं. तिच्याकडे ओव्हनच नाही.

त्या दिवसापासून बरणी भरायला घेण्याआधी मी घेणाऱ्याबद्दल तीन गोष्टी काढून घेते: ओव्हन आहे का, अंडं चालतं का, आणि बरणी साधारण कधी उघडली जाईल. कोणतं मिश्रण द्यायचं हे या तीन उत्तरांवर ठरतं. रिबीन कुठली, झाकणावर कापड कुठलं, हे नंतरचं.

कोरडं मिश्रण भेट द्यायची रीत आपल्याला काही नवी नाही. थालीपिठाची भाजणी, मेतकूट हे लेकीच्या सामानात पूर्वीपासून जातंच. फक्त ते दळून एकजीव केलेलं, त्यामुळे थर दिसायचा प्रश्न नव्हता. उलटी गंमतही होती. दिवाळीआधी रवा, मैदा, पिठीसाखर आणि डालडा डब्यात घालून बेकरीत न्यायचा, रांगेत उभं राहायचं आणि संध्याकाळी पत्र्याचा डबा भरून नानकटाई घरी आणायची. सामान आपलं, भट्टी दुसऱ्याची. भेटीच्या बरणीतही तेच होतं, फक्त भट्टी ज्याची त्याची.

थरांच्या बरणीची रीत मात्र अमेरिकेतली. तिथल्या पाककृती एका क्वार्टच्या, म्हणजे 946 मिलिलिटरच्या मेसन जारवर बेतलेल्या असतात. जॉन मेसनने या आट्यांच्या बरणीचं पेटंट 1858 मध्ये घेतलं. तेव्हा ती भाज्या-फळं टिकवायला होती, मैदा भरायला नव्हे. आपल्या कामाची गोष्ट एवढीच की एका क्वार्टमध्ये तिकडचे बरोबर चार कप बसतात, आणि आपल्याकडची एक लिटरची बरणी जवळपास तेवढीच. म्हणून कुठलीही पाककृती निवडताना आधी कपांची बेरीज करा. चारच्या आसपास आली तर बरणी गळ्यापर्यंत भरते. तीन आली तर वर मोकळी जागा राहते, आणि मोकळी जागा राहिली की वाटेत थर ढवळून निघतात.

ब्राउनी

भरायला ही सगळ्यात सोपी. मैदा एक कप आणि वर दोन टेबलस्पून, कोको अर्धा कप, पांढरी साखर आणि ब्राउन शुगर दोन-दोन तृतीयांश कप, चॉकलेट चिप्स अर्धा कप, अक्रोड अर्धा कप, मीठ अर्धा टीस्पून. बेरीज चारला जाऊन टेकते. घेणाऱ्याने तीन अंडी, दोन तृतीयांश कप तेल आणि चमचाभर व्हॅनिला घालायचं, आठ-नऊ इंची चौकोनी भांड्यात ओतायचं आणि 180 अंशांवर अर्धा तास भाजायचं. यात फुगवायला काहीच नाही, ना सोडा ना बेकिंग पावडर. त्यामुळे महिना-दोन महिने पडून राहिली तरी सोड्याचा जोर गेला वगैरे भानगड होत नाही. साखरेचा गोळा झाला तरी चमच्याने फोडला की विरघळतो. नवशिक्याच्या हातूनही बिघडत नाही, हा तिचा सगळ्यात मोठा गुण.

अडचण अंड्याची. तीन अंडी काढून त्या जागी दही घाला, असं चिठ्ठीवर लिहून सुटका होत नाही. बिनअंड्याच्या ब्राउनीला फुगायला थोडी बेकिंग पावडर लागते आणि ती मैद्यात आधीच असावी लागते. म्हणजे अंड्याचा निर्णय बरणी भरतानाच घ्यायचा, चिठ्ठी लिहिताना नाही. शेजारच्या काकूंना "अंडं चालतं ना हो?" विचारायला संकोच वाटत असेल, तर त्यांना ब्राउनी देऊच नका.

दुसरी अडचण उन्हाची. खऱ्या चॉकलेटमधलं कोको बटर 34 अंशांच्या आसपास वितळतं. एप्रिलमध्ये नागपूरला कुरिअर केलेल्या बरणीतल्या चिप्स वितळून पुन्हा थिजतात आणि त्यांच्यावर पांढरट झाक येते. ती बुरशी नसते, खायला काही हरकत नसते. पण घेणाऱ्याला ते कोण सांगणार? बरणी सरळ कचऱ्यात. कंपाउंड चिप्स (कोको बटरऐवजी वनस्पती तेलाच्या) उन्हाला जरा जास्त तग धरतात, चवीला उतरत्या असतात. मी उन्हाळ्यात चिप्सच घालत नाही, तेवढी जागा अक्रोडाने भरते. खर्च वाढतो, कारण या बरणीत पैसा जातो तो अक्रोड, चिप्स आणि कोकोमध्येच.

ओट्स कुकी

दिसायला हीच सगळ्यांत देखणी. मैदा, ओट्स, दोन रंगांची साखर, चिप्स, अक्रोड. प्रत्येकाचा रंग वेगळा आणि दाणाही वेगळा. मैदा सव्वा ते दीड कप, ओट्स एक कप, दोन्ही साखरा अर्धा-अर्धा कप, चिप्स पाऊण कप, अक्रोड अर्धा कप. बेरीज चारच्या बरीच वर जाते, म्हणून प्रत्येक थर वाटीच्या बुडाने गच्च दाबावा लागतो. घेणाऱ्याने अर्धा कप लोणी आणि एक अंडं घालायचं. इथे मात्र अंड्याऐवजी तीन टेबलस्पून दूध चालून जातं, कुकी थोडी वेगळी होते इतकंच.

यात सोडा असतो, आणि मी पहिल्या वर्षी तिथेच फसले. सोडा-मैद्याच्या थरावर थेट ब्राउन शुगर घातली. ब्राउन शुगर मळीमुळे ओलसर असते आणि किंचित आंबटही. सोड्याला ओल आणि आंबट दोन्ही मिळालं की तो बरणीतच कामाला लागतो, आणि भट्टीत जायच्या वेळी त्याच्यात दम उरत नाही. कुकीज चपात्यांसारख्या पसरल्या. तेव्हापासून सोडा मैद्यात चाळून तळाशी, त्यावर ओट्स, मग पांढरी साखर, आणि ब्राउन शुगर तिच्याही वर. ब्राउन शुगरऐवजी गूळ पावडर घालायचा मोह होतो. पुण्याच्या कोरड्या हिवाळ्यात ती निभावते, पण मुंबई-कोकणातल्या दमट हवेत आठवड्यात तिचा दगड होतो.

ओट्स आणि अक्रोड दोघांत तेल असतं, म्हणून ही बरणी सगळ्यात आधी खवट होते. महिन्याभरात करून खाणारं घर असेल तरच द्या. लहान मुलं असलेलं घर उत्तम. मुलं चार दिवससुद्धा थांबू देत नाहीत. फक्त कच्चं पीठ बोटाने चाटू देऊ नका. अंडं नसलं तरी कच्चा मैदा पोटाला चांगला नाही.

नानकटाई

माझं मत विचाराल तर पाचांतल्या चार घरांना हीच द्यावी. अंड्याचा प्रश्न येत नाही. वरून घालायचं ते फक्त तूप, आणि तूप नाही असं मराठी घर शोधूनच काढावं लागेल. ओव्हन नसला तरी अडत नाही: जाड बुडाच्या कढईत मीठ पसरायचं, त्यावर स्टँड, झाकण ठेवून दहा मिनिटं तापवायचं, आणि मंद आचेवर वीस-पंचवीस मिनिटांत नानकटाई तयार. कुकरमध्येही होते, मात्र रिंग आणि शिट्टी काढून आणि आत पाणी न घालता. आत्याला पुढच्या वर्षी हीच बरणी दिली. भाऊबीजेला फोन आला, कढईत केल्यात म्हणून.

हिला अर्ध्या लिटरची बरणी पुरते. मैदा एक कप, बेसन पाव कप, बारीक रवा दोन टेबलस्पून, पिठीसाखर अर्धा कप, बेकिंग पावडर अर्धा टीस्पून, वेलची-जायफळ, वर पिस्त्याचे काप. चिठ्ठीवर लिहायचं: साधारण अर्धा कप घट्ट तूप, एकदम न घालता थोडं थोडं, गोळा जेमतेम वळला की थांबा. तूप गरम करून पातळ घातलं तर नानकटाई बसते, हे ठळक लिहा. सोळा-सतरा होतात. ओव्हन असेल तर 170 अंशांवर पंधरा ते अठरा मिनिटं.

दिसण्यात मात्र ही मार खाते. मैदा पांढरा, साखर पांढरी, रवा पांढराच. काचेतून बघितलं तर एकादशीच्या फराळासारखं फिकट. यावर माझा उपाय बेसन कोरडंच खमंग भाजून घेण्याचा. बदामी रंगाचा पट्टा मधोमध उठून दिसतो आणि चवही सुधारते. पण भाजलेलं बेसन पूर्ण गार होऊ द्या. कोमट असताना भरलंत तर झाकणाला आतून घाम येतो आणि पिठीसाखरेच्या गुठळ्या होतात. मी रात्री भाजते आणि सकाळी भरते.

गोव्यात किंवा वसईत नाताळला बरणी द्यायची असेल तर मात्र थोडा विचार करा. ज्या घरातून तुमच्याकडे कुस्वाराचं, म्हणजे नाताळच्या घरगुती गोडधोडाचं, ताट येतं, त्या घराला कुकीचं मिश्रण देणं म्हणजे सोनाराला बांगडी दाखवणं. तिथे भाजणी किंवा मेतकूट न्या, कौतुकाने खातील.

ओव्हनही नाही, कढईची खटपटही नको

होस्टेलवरचा भाचा, एकटे राहणारे काका. यांना तांदूळ-मूगडाळ खिचडीची बरणी द्या. हिरवे मूग, पिवळी डाळ, मसूर, तांदूळ असे थर छान उठतात. मीठ-मसाल्याची पुडी वेगळी बांधून वर ठेवा, नाहीतर हळद सगळ्या दाण्यांत झिरपते. बेकिंग नाही, पण खाल्ली नक्की जाते.

भरताना

कुठलीही बरणी असो, बारीक ते खाली आणि जाड ते वर. अक्रोडाच्या वर मैदा घातलात की तो फटीफटीतून खाली झिरपतो आणि थर राहत नाही. कोको काचेला चिकटतो, म्हणून कागदाच्या नरसाळ्याने घाला आणि प्रत्येक थरानंतर काच आतून कोरड्या कापडाने पुसा. बरणी धुतली असेल तर उन्हात पूर्ण वाळवा. आट्यांतला एक थेंबही पुरतो. लोणच्याच्या रिकाम्या बाटल्या वापरू नका. कितीही धुवा, झाकणाला हिंग-मोहरीचा वास राहतोच, आणि हिंगाची ब्राउनी कुणालाच नको असते. कॉफीच्या बाटल्या चालतात.

टोक्यांसाठी मी मैदा, रवा आणि बेसन हवाबंद पिशवीत चार दिवस फ्रीजरमध्ये ठेवते. त्याने आतली अंडी मरतात. बाहेर काढल्यावर पिशवी लगेच उघडायची नाही. आतलं सामान खोलीइतकं उबदार होऊ द्यायचं, नाहीतर गार पिठावर ओल धरते.

काच की प्लास्टिक? गावातल्या गावात हाताने द्यायची तर काच. लिटरभर ब्राउनीचं मिश्रण सहाशे ग्रॅमच्या आसपास भरतं आणि काचेच्या बरणीचं वजन वेगळं, म्हणजे कुरिअरला किलोचा भाव लागतो आणि फुटायची धास्ती राहते ती निराळीच. बाहेरगावी पाठवायची तर पेट प्लास्टिकची बरणी घ्या. अमेरिकेला जाणाऱ्या कुणाच्या हाती देत असाल तर ती केबिनच्या बॅगेत नको, चेक-इनमध्ये टाकायला सांगा. 350 मिलिलिटरच्या वर पूड असली तर तपासणीत ती उघडून बघू शकतात, आणि मग तुमचे थर गेलेच.

चिठ्ठीवर भरल्याची तारीख, "दोन महिन्यांत करा" (ओट्सच्या बरणीला "एका महिन्यात"), वरून काय घालायचं, आणि गहू व अक्रोड किंवा पिस्ते आहेत हे लिहा. कुणाला सुक्यामेव्याची ॲलर्जी असते आणि थरांत अक्रोड नेहमी दिसतोच असं नाही. लोकांनी मागणी केली म्हणून विकायला लागलात तर एफएसएसएआयची, म्हणजे सरकारी अन्नसुरक्षा संस्थेची, नोंदणी लागते. भेट देण्यापुरतं ते नाही.

या वर्षी माझ्या यादीत अकरा बरण्या आहेत: सात नानकटाईच्या, दोन ओट्सच्या, एक खिचडीची आणि ब्राउनीची फक्त एक. ती ज्या मैत्रिणीला जाणार आहे, तिने गेल्या वर्षीची बरणी धुऊन, वाळवून परत आणून दिली आहे.