पाऊल उचलणारं मशीन: तीन महिने वापरून

मी फरशी बसवतो. मार्चमध्ये एका फ्लॅटचं काम उरकायचं म्हणून दोन दिवस जवळजवळ उकिडवाच होतो. तिसऱ्या दिवशी जिन्यात उजव्या पायातली चप्पल निसटली. पाऊल वर येईचना, चालताना फटफट आपटायचं. तपासणीत निघालं की गुडघ्याच्या बाहेरच्या अंगाला हाडाचा उंचवटा असतो, त्याच्याखालून वळसा घेणारी नस दबली. तुटली नव्हती, फक्त मेंदूचा निरोप तिथे अडत होता.

व्यायाम चालू होतेच. सोबत करंट देणारं हे छोटं मशीन मागवलं, २,४०० रुपये.

पहिली तक्रार पुस्तिकेची. चित्रात पॅड पोटरीवर. तसे लावले तर पाऊल उलट खाली ताणलं गेलं. बायको म्हणाली, "ब्रेक दाबताय का?" फिजिओताईंनी एक पॅड उंचवट्याच्या जरा खाली आणि दुसरा नडगीच्या बाहेरच्या मांसावर लावला. करंट वाढवला आणि पाऊल टपकन वर! माझं न ऐकणारा पाय मशीनचं ऐकत होता, कारण अडथळ्याच्या खाली नस जिवंत होती. पॅड अडथळ्याच्या वर सरकवला की नुसत्या मुंग्या.

२ हर्ट्झवर, म्हणजे सेकंदाला दोन झटके, पाऊल टकटक वर-खाली होतं. दर झटक्याला स्नायू आकसतो आणि सैल पडतो. ३५ वर सैल पडायला सवडच मिळत नाही, पाऊल वर जाऊन तिथेच थांबतं. हे बघायला मजा येते, पण दहा मिनिटांत नडगी भरून येते. ताई म्हणाल्या, एकेका चेतापेशीच्या हाताखाली स्नायूचे शेकडो तंतू असतात. तिची हाक आली की तिचे सगळे एकदम ओढतात. आपण स्वतः पाऊल उचलतो तेव्हा आधी छोट्या तुकड्या लागतात, जोर हवा असेल तरच मोठ्या. मशीन मात्र त्याच त्याच गड्यांना दर वेळी जुंपतं. असा मुकादम आमच्या साइटवर असता तर दुपारपर्यंत सगळे पळाले असते.

नस तुटलेल्यांनी हे घेऊ नका. याचे झटके फार छोटे, ते नसेमार्फतच स्नायूला हलवतात. नस मेली की लांब झटका लागतो, त्याचं मशीन वेगळं. पेसमेकर असेल तर हातही लावू नका.

पॅडचा चिकटपणा तीन आठवड्यांत गेला, नवे चार ३५० रुपयांना.

सातव्या आठवड्यात अंगठा माझ्या सांगण्यावरून हलला. आंघोळीच्या वेळी, मशीन कपाटात असताना. डॉक्टरांनी आधीच सांगितलं होतं की दाब सुटला की अशी नस आपली आपण सावरते. म्हणून पाचपैकी तीनच तारे देतोय. पुस्तिकेतलं चित्र बदललं तर चौथा देईन.