‘भारताच्या टीममध्ये निवड झाली’ असं कुणी सांगितलं, तर पैसे भरण्याआधी हे वाचा

वडोदऱ्यात कराटे-किकबॉक्सिंगच्या क्लासला मुलं घालणाऱ्या आईवडिलांसाठी हे लिहितेय. नेपाळमध्ये आंतरराष्ट्रीय अ‍ॅमॅच्युअर किकबॉक्सिंग चॅम्पियनशिप आहे आणि तुमच्या मुलीची भारतीय संघात निवड झालीय, असं सांगून आमच्याकडून ४२,००० रुपये उकळले. स्पर्धा खरंच झाली. मॅट होती, रेफ्री होते, पदकंही मिळाली. म्हणूनच हा प्रकार पटकन ध्यानात येत नाही. स्पर्धाच झाली नसती, तर सगळे पालक दुसऱ्या दिवशी पोलीस ठाण्यात असते.

मुलगी १९ वर्षांची, कॉलेजात शिकते. दांडिया बाजारात आमचं जुनं घर. जुम्मादादा व्यायाम मंदिर ही इथली जुनी व्यायामशाळा आणि तिथले प्रो. माणिकराव यांचा विषय निघाला की सासऱ्यांना जेवणाची शुद्ध नसायची. अशा घरात पाठीवर ‘इंडिया’ लिहिलेला ट्रॅकसूट आला की किती आनंद होतो, ते मी सांगायला नको. आयोजक म्हणवणारा माणूस क्लासमध्येच भेटला. “ताई, पोरीला स्पोर्ट्स कोट्यात सरकारी नोकरी लागेल, असा चान्स परत येत नाही,” म्हणाला. निवडपत्रावर अशोकस्तंभ छापलेला. खाजगी संस्थेला ते चिन्ह असं वापरता येत नाही, त्यासाठी २००५ चा कायदाच आहे. पैसे मात्र संस्थेच्या खात्यात नव्हे, त्याच्या स्वतःच्या यूपीआयवर मागितले. पावती मागितली तर “टीम परत आली की एकदमच देतो.”

नेपाळच का, हे आता कळतं. भारतीयांना व्हिसा लागत नाही, मतदार ओळखपत्रावरही जाता येतं, त्यामुळे ‘तुम्ही कोणत्या संघातून चाललात’ हे विचारणारं कुणी वाटेत भेटत नाही. गोरखपूरपर्यंत रेल्वे, पुढे सरहद्दीवरच्या सोनौलीहून बस.

तिथे जे घडलं त्याने अजून माझा संताप होतो. पैशाचं दुःख आहेच, पण पोरीच्या जिवाशी खेळ झाला. वजन घ्यायला घरगुती काटा, तोही तिरक्या फरशीवर ठेवलेला. डॉक्टरची तपासणी नाहीच. माझी मुलगी किक लाइट खेळते. या प्रकारात ताकदीने मारायचं नसतं, फटका ताब्यात ठेवून गुण घ्यायचे असतात. ती ५३ किलोची, म्हणजे ५५ च्या गटातली. समोर उभी केलेली मुलगी ६४ ची. वजन जुळत नाही म्हटल्यावर “ओपन कॅटेगरी केलीय” एवढंच उत्तर. दुसऱ्या राउंडला नाकावर लाथ बसली. रक्त पाहून रेफ्रीने लढत थांबवली, पण बर्फ कुणाकडे नव्हता. तिच्या मैत्रिणीने कोल्ड्रिंकची थंड बाटली रुमालात गुंडाळून नाकावर धरली. हॉलमध्ये जे ‘देश’ आले होते, त्यांतले बहुतेक आपल्याच राज्यांतले क्लास होते. संध्याकाळी सगळ्यांना पदकं. हिला रौप्य, कारण त्या गटात दोघीच होत्या.

खरी पद्धत कशी असते ते सांगते. किकबॉक्सिंगमध्ये जागतिक संघटना अनेक आहेत आणि हे लोक त्याच गोंधळाचा फायदा घेतात. त्यांतल्या १९७६ मध्ये स्थापन झालेल्या ‘वाको’ या संघटनेला आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीने २०२१ मध्ये पूर्ण मान्यता दिली. वाकोच्या जागतिक स्पर्धेत देशाचा संघ राष्ट्रीय महासंघ पाठवतो, आणि सीनियर गटात एका वजनाला देशाची एकच खेळाडू असते. आमच्या ग्रुपमध्ये एकाच वजनाच्या चार मुली ‘टीम इंडिया’त होत्या! ओपन स्पर्धा वेगळ्या. तिथे क्लबही नाव नोंदवू शकतात, त्यात गैर काही नाही, पण त्याला भारतीय संघात निवड म्हणत नाहीत. क्रीडा मंत्रालयाच्या वेबसाइटवर मान्यताप्राप्त महासंघांची यादी असते. पत्र देणाऱ्या संस्थेचं नाव तिथे आहे का ते बघा, आणि निवड चाचणी कुठे, कधी झाली ते लेखी मागा. चाचणीच झाली नसेल, तर निवड कसली?

नोकरीचं आमिषही असंच पोकळ. केंद्र सरकारच्या स्पोर्ट्स कोट्यासाठी आंतरराष्ट्रीय खेळाडूला फॉर्म १, म्हणजे देशाकडून खेळल्याचं ठरावीक नमुन्यातलं प्रमाणपत्र, लागतं आणि त्यावर राष्ट्रीय महासंघाच्या सचिवांची सही लागते. आमच्या हातात जे प्रमाणपत्र आलं, त्यावर त्या आयोजकाचीच सही आहे. भिंतीवर लावण्यापलीकडे त्याचा उपयोग नाही. मुलीने तर ते लावूही दिलं नाही.

क्लासच्या सरांनी हात वर केले. आयोजकाचा फोन आधी वाजायचा, आता लागतच नाही. आम्ही पोलिसांत अर्ज दिलाय. १ जुलै २०२४ नंतरच्या फसवणुकीला भारतीय न्याय संहितेचं कलम ३१८ लागतं, आपण ज्याला ‘चारसोबीस’ म्हणतो तेच. पैसे ऑनलाइन गेले असतील आणि तुम्हाला ते लगेच कळलं असेल, तर आधी सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनवर फोन लावा. तिथे पटकन तक्रार झाली, तर समोरच्या खात्यातली रक्कम अडवता येण्याची शक्यता असते. उशीर झाला की पैसे पुढे सरकलेले असतात.

या माणसाबरोबर गेलेल्या बाकीच्या मुलांच्या पालकांनीही आपापला अर्ज द्यावा. यूपीआयचे स्क्रीनशॉट, निवडपत्र, व्हॉट्सअ‍ॅपवरचं सगळं बोलणं आणि त्या स्पर्धेचे फोटो जोडा. ग्रुप सोडू नका, मेसेज डिलीट करू नका. प्रमाणपत्राची मूळ प्रत देऊ नका, झेरॉक्स द्या आणि अर्जाच्या प्रतीवर पोहोच घ्या.